करंबेळकरांचं स्टूल

करंबेळकर आमच्या घरी पहिल्यांदा आले ते बसायला स्वतःचं स्टूल आणि प्यायला स्वतःचा चहा घेऊन.

प्रसंग गणपतीचा. त्या काळी चंदीगडात 'अहो' अशी हाक कानावर पडली की माणूस भर रस्त्यात स्कूटर थांबवून मागे वळून बघायचा, इतकी आमची संख्या थोडी. मी आमच्या छोट्याशा मराठी मंडळाचा सचिव होतो. सचिव म्हणजे शेवटी सतरंज्यांच्या घड्या घालणारा. युनिव्हर्सिटीतून निवृत्त झालेले कुणी करंबेळकर पलीकडच्या सेक्टरात बरसातीत, म्हणजे गच्चीवरच्या एका खोलीत, एकटेच राहतात असं कळलं आणि मी आमंत्रण देऊन आलो.

ते आले. उंच, किडकिडीत, अंगात बंद गळ्याचा कोट. काखेत घडीचं लाकडी स्टूल, खांद्याला थर्मास. आमचा सोफा नवा होता, म्हणजे त्याचं प्लॅस्टिकही माझ्या बायकोनं, मंगलनं, अजून काढलेलं नव्हतं. त्या सोफ्याच्या ऐन पुढ्यात त्यांनी स्टूल उघडलं, दोनदा दाबून पाहिलं आणि बसले.

"अहो, सोफ्यावर बसा ना," मी म्हणालो.

"नको. उद्या तुमच्या मंडळाचा अर्ज आमच्याकडे आला तर?"

"कसला अर्ज?"

"अनुदानाचा."

"आम्ही फक्त गणपती बसवतो हो. अनुदान कशाला मागू?"

"आज मागत नाही, हे निरीक्षण. कधीच मागणार नाही, हे मत." आणि त्यांनी थर्मासच्या झाकणात चहा ओतला.

मंगल मोदकांचं ताट घेऊन तशीच उभी. माझ्या बायकोच्या मोदकांना कुणी नाही म्हटल्याचा तो पहिलाच प्रसंग. मी स्वतः लग्नानंतरच्या पहिल्या गणपतीतही ते धाडस केलं नव्हतं, आणि तेव्हा कारण होतं. करंबेळकरांनी आरतीनंतर खडीसाखरेचा एक खडा तेवढा तोंडात टाकला. "देवाचा अर्ज येत नाही," म्हणाले.

त्यांचं काम मला पुढे कळलं. सामाजिक संस्थांना पैसे देणारं एक सरकारी मंडळ होतं. कुठे शिवणवर्ग, कुठे प्रौढांची शाळा, कुठे वस्तीतलं महिला मंडळ. त्या संस्था खरंच चालतात की नुसती पाटी चालते, चार लोक एकत्र येऊन काम करतात की एकत्र येऊन फोटो काढतात, हे बघायला मंडळ करंबेळकरांना पाठवायचं. चंदीगड, मोहाली, पंचकुला, सगळीकडे हा माणूस सायकलीवरून जाणार, कॅरिअरला स्टूल बांधलेलं. पाहणीला गेलेल्या ठिकाणी तिथल्या खुर्चीवर बसायचं नाही, खायचं नाही, पाणीसुद्धा प्यायचं नाही. "चहा घेतला की दहा गुण वाढतात," ते सांगायचे, "आणि सामोसा खाल्ल्यावर आजवर कुणी कुणाला नापास केलेलं नाही." शिवाय कुणाचा अर्ज कधी येईल सांगता येत नाही, म्हणून गावात कुणाकडेच खायचं नाही. अख्खं शहर त्यांच्या लेखी संभाव्य अर्जदार होतं.

हे तत्त्व पंजाबात पाळायचं म्हणजे थट्टा नव्हे. इथे लस्सीला नाही म्हणणं हे जवळजवळ युद्ध पुकारण्यासारखं. मोहालीपलीकडच्या एका खेड्यात त्यांनी लस्सी, दूध, चहा आणि शेवटी साधं पाणीही नाकारलं, तेव्हा सरपंचानं गंभीर होऊन डॉक्टरला बोलावणं पाठवलं. डॉक्टर आला. करंबेळकरांनी नाडी दाखवली, पण त्यानं दिलेली गोळी घेतली नाही. डॉक्टर सरपंचाचा मेहुणा होता.

त्यांचं आडनाव एकाही पंजाबी जिभेवर बसलं नाही. सगळे त्यांना 'स्टूलवाले सरजी' म्हणत. त्यांना त्याचं काही वाटत नसे. "वर्णन अचूक आहे," म्हणायचे.

शहरालाही ते गुण द्यायचे. चंदीगड सगळं आखून-रेखून बांधलेलं, पण सेक्टर तेरा नाहीच. बारानंतर एकदम चौदा. "नमुना अपुरा," करंबेळकर म्हणत. आमच्या मुलीनं एकदा विचारलं, "अंकल, आप हमारे सोफे पे क्यों नहीं बैठते?" तर ते मला म्हणाले, "मुलीला मराठी कळतं, पण बोलते हिंदीत. शंभरपैकी पन्नास." पन्नास तिचे की माझे, हे मी विचारलं नाही.

पंजाबात अतिरेक्यांचा काळ, दिवस तसे बरे नव्हते. सकाळचा पेपर उघडायला मन घेत नसे. चौकाचौकात वाळूची पोती, त्यामागे बंदुका. बेवारस वस्तूला हात लावू नका, असं भोंग्यावरून सारखं सांगत. अशा दिवसांत काखेत लाकडी सांगाडा आणि खांद्याला धातूचा लांबट डबा घेऊन फिरणाऱ्या माणसाला प्रत्येक नाक्यावर अडवत, यात नवल नव्हतं. एकदा ते थर्मास बसस्टँडच्या बाकावर विसरले. परत जाऊन पाहतात तर स्टँड रिकामं, भोवती दोर बांधलेला आणि वाळूच्या पोत्यांआडून पोलीस थर्मासकडे टक लावून बसलेले. करंबेळकर दोर ओलांडून गेले, थर्मास उचलला आणि सगळ्यांसमोर चहा प्याले. त्यांना ठाण्यात बसवून ठेवलं, तिथेही स्वतःच्या स्टुलावर. मी सोडवायला गेलो तर म्हणाले, "त्यांनीही मूल्यमापनच केलं हो. पण पद्धत चुकली. दुरून केलं."

आता बालवाडीची गोष्ट.

आमच्या सेक्टरामागे मजुरांची वस्ती होती. शहर बांधायला आलेली माणसं, शहराबाहेर राहिलेली. तिथल्या बायका बांधकामावर जात आणि पोरं तिथेच वाळूत सोडून देत. मुनिया नावाच्या एका चिमुरडीचा पाय चुन्याच्या हौदात गेला आणि पावलावरची कातडी सोलून निघाली. त्यानंतर गुरुद्वारातल्या बायका, आमच्या मंडळातल्या बायका आणि वस्तीतल्या आया अशा सगळ्यांनी मिळून एका पत्र्याच्या खोलीत बालवाडी काढली. गुरुद्वाराकडून हरबंस कौर, म्हणजे सगळ्यांच्या बीजी. आमच्याकडून मंगल. वस्तीकडून रामरती, जी आपली पाळी असेल त्या दिवशी मजुरी बुडवून यायची. खोलीचं भाडं आणि शिकवणाऱ्या मुलीचा पगार त्या सरकारी मंडळाच्या अनुदानातून भागे. ते अनुदान पुढे चालू ठेवायचं की नाही, हे ठरायचं होतं. बंद झालं तर मुनिया आणि तिच्यासारखी सगळी पोरं पुन्हा चुन्याच्या हौदाशेजारी. आणि पाहणीला येणार होते करंबेळकर.

"तुमच्या ओळखीचे आहेत ना? सांगा की त्यांना जरा," मंगल म्हणाली.

"त्यांना काही सांगितलं तर वजा दहा," मी म्हणालो.

मग मंगलनं स्वतःच तयारी करून घेतली. आमच्याकडे मुलगी बघायला येणार असले की करतात तशी. मुलांना गाणं शिकवलं, भिंतीला चुना दिला आणि बीजींना अन् रामरतीला बजावलं, की सरजींसमोर कुणी भांडायचं नाही. एरवी तिघींचं रोज वाजायचं. मंगलचा आग्रह 'शुभं करोति'चा, बीजींचा तुपाचा, रामरतीचा भाताचा.

करंबेळकर आले, स्टूल उघडून बसले. मी दाराशी उभा होतो. गाणं ऐकलं. मग बीजींना त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला, "आप लोगों में झगड़ा होता है?"

"ना जी, कदे नहीं. हम तो बहनें हैं."

"बहनें हैं, और झगड़ा नहीं होता?"

बीजी गडबडल्या. रामरती पदराआड हसली. मंगलनं तिला कोपरानं ढोसलं. करंबेळकरांनी ते पाहिलं, पण एक ढोसणं म्हणजे भांडण नव्हे.

बाहेर आल्यावर मला म्हणाले, "तुमची बालवाडी टिकायची नाही. एकमत फार आहे. जिथे सगळे एका सुरात बोलतात तिथे एकच माणूस काम करत असतो, किंवा एकही नाही. मी पुन्हा येईन. न सांगता."

हे ऐकून मंगलनं दोन दिवस मला आमटी वाढली नाही. त्यात माझा काय दोष, हे मला अजून कळलेलं नाही, पण आमच्या घरी आमटी आणि न्याय यांचा संबंध कधीच नव्हता.

ते न सांगता आले ते माझ्याच स्कूटरवरून. सायकल पंक्चर होती आणि मी सुट्टीवर. आम्ही बालवाडीत शिरलो आणि थोड्याच वेळात बाहेर दुकानांची शटरं एकामागून एक खाली येऊ लागली. कुठेतरी काहीतरी झालं होतं. कुठे, काय, ते कुणी सांगेना. मग पोलिसांची गाडी भोंगा वाजवत गेली: कर्फ्यू लागला आहे, जो जिथे आहे त्यानं तिथेच राहावं.

आत होतो आम्ही दोघे, मंगल, बीजी, रामरती आणि खोलीभर पोरं. आया सगळ्या बांधकामावर अडकलेल्या. रोजचा खाऊ संपलेला, डब्यांत डाळ-तांदूळ आणि थोडं पीठ तेवढं उरलेलं. शिकवणारी मुलगी त्या दिवशी आलीच नव्हती. बीजींचं घर मागच्याच गल्लीत. त्या मागच्या दारानं निघून गेल्या. मला वाटलं, गेल्या. आता घर सोडून कोण येतंय? तर थोड्या वेळानं परत आल्या, हातात तुपाचा डबा.

"परौंठे बनाते हैं," बीजी म्हणाल्या.

"इतक्या पोरांना पराठे लाटणार कोण?" मंगल म्हणाली. "खिचडी टाकू या. मुगाची, पातळ."

"पतली? ये मरीज़ हैं?"

"आपके घी से पिछले हफ़्ते आधे बच्चे मरीज़ ही हो गए थे, बीजी!"

"घी से नहीं, तुम्हारी मीठी दाल से! दाल में गुड़ कौन डालता है? दाल का क्या कसूर?"

"ए दीदी, आप दोनों बाद में लड़ना," रामरती मधे पडली. "बच्चा लोग भात खाएगा. हम कब से बोल रहे हैं, भात. कोई सुनता है हमारी? मीटिंग में हमको बोलते हैं बैठो, बैठो, और पूछता कोई नहीं!"

"कब नहीं पूछा?"

"कब पूछा?"

पाहता पाहता मागच्या वर्षभराचं सगळं निघालं. कुणी कुणाच्या पाळीला उशिरा आलं, कुणी परात नेली ती परत आणली नाही, गाणं मराठीतच का. मी मंगलला डोळ्यांनी खुणावत होतो, अगं, समोर कोण बसलंय! तिचं लक्ष नव्हतं. आणि आश्चर्य म्हणजे भांडता भांडता हात चालू होते. रामरतीनं तांदूळ धुतले, मंगलनं डाळ निवडली, बीजींनी स्टोव्हला पंप मारला. तो पंप त्या इतक्या रागानं मारत होत्या की स्टोव्ह एका काडीत पेटला.

करंबेळकरांचा चेहरा मी त्या दिवसापर्यंत असा पाहिला नव्हता. लग्नघरात सनई सुरू झाल्यावर मुलाच्या मामाचा होतो तसा. नीट ऐकू यावं म्हणून ते स्टुलावरून उठून पुढे गेले, आणि परत येतात तर स्टुलावर दोन पोरं बसलेली. खाली सतरंजीवर मुनिया आईसाठी रडत होती. करंबेळकर अवघडून तिच्याशेजारी बसले. मुलाला समजावण्याचा अनुभव शून्य. त्यांनी खूप विचार करून थर्मासचं झाकण काढलं आणि तिच्या हातात दिलं. ती गप्प झाली. झाकण तिनं फ्रॉकमधे खोवलं आणि परत द्यायला नकार दिला. झालं! आता करंबेळकरांना स्वतःचा चहाही पिता येईना.

शेवटी जे शिजलं ते तिघींचंही होतं: मंगलची मुगाची खिचडी, पण तांदूळ रामरतीच्या मापानं, वर बीजींचं तूप आणि कडेला रामरतीची लसूण-मिरची. बीजींनी पहिली थाळी करंबेळकरांपुढे ठेवली.

"मैं नहीं खा सकता. नियम है."

"लंगर समझ के खा लो, सरजी."

"लंगर गुरुद्वारे में होता है. यह संस्था है."

बीजींनी कमरेवर हात ठेवले. "बाहर कर्फ्यू लगा है, सरजी. कर्फ्यू में सरकार का नियम चलता है. आपका नहीं."

त्यावरही ते ढळले नसते. पण मुनियानं आपली थाळी पुढे सरकवली, तोंड घट्ट मिटलं आणि त्यांच्याकडे बोट केलं. "पहले तुम."

करंबेळकरांनी तिच्या पावलाकडे पाहिलं. तिथली कातडी अजून गुलाबी होती. मग त्यांनी घास घेतला. तिनं घेतला. त्यांनी दुसरा घेतला. थाळी संपली तेव्हा त्यांनी ती बीजींपुढे धरली.

"थोड़ी और. नमक कम है."

"हे मत झालं," मी हळूच म्हणालो.

"निरीक्षण आहे," ते भरल्या तोंडानं म्हणाले.

दिवस मावळायच्या आत कर्फ्यू थोडा ढिला झाला. आया धावत आल्या. कुणी पोराला कवटाळून तिथेच दारात बसली. शेवटचं मूल गेल्यावर मंगल चालत घरी गेली आणि आम्ही दोघे स्कूटरवर निघालो. करंबेळकर मागे बसले, मांडीवर स्टूल घेऊन. वाटेत म्हणाले, "आता मला अहवाल लिहिता यायचा नाही. मी खाल्लंय."

"अहो, चमचाभर खिचडी!"

"दोनदा." मग म्हणाले, "एकट्या माणसाला एखादं तत्त्व असलेलं बरं असतं हो. कुणी जेवायला बोलावलं नाही, तरी दोष तत्त्वावर टाकता येतो."

पुढे चौक आला. मी त्याला उगीचच एक जादा फेरी मारली. त्यांनीही, कुठे चाललात, असं विचारलं नाही.

घरी हे सांगितल्यावर मंगल उसळली. "आधी भांडलो नाही म्हणून नापास! आता भांडलो, वर जेवायला घातलं, तर परीक्षकच पळून गेला! अहो, अनुदानाचं काय? मुनियाचं काय?"

दुसऱ्या दिवशी मी त्यांना अनुदान देणाऱ्या मंडळाच्या कचेरीत घेऊन गेलो. तिथले शर्माजी त्यांना कित्येक वर्षं ओळखत. करंबेळकर कचेरीतही स्वतःच्या स्टुलावर बसत, कारण मंडळाचंही कधीतरी मूल्यमापन होईल. त्या दिवशी मात्र ते स्टूल न उघडता सरळ खुर्चीत बसले. शर्माजी घाबरून उभे राहिले.

"सरजी, तबीयत ठीक है?"

"मैं अपात्र हो गया, शर्माजी. वह बालवाडी किसी और को दे दो. मैंने वहाँ खा लिया."

"क्या खा लिया?"

"खिचड़ी."

शर्माजींनी मान बाहेर काढून हाक मारली, "ओए, इधर आओ सब! सरजी ने खिचड़ी खा ली!" दारात टाइपिस्टपासून चपराशापर्यंत सगळे जमले. कुणीतरी विचारलं, "दोबारा ली?"

"ली," करंबेळकर खाली मान घालून म्हणाले.

"इतने साल में आपने इस दफ़्तर का पानी नहीं पिया," शर्माजी म्हणाले. "जहाँ आपने खिचड़ी दोबारा माँगी, उसके बारे में मैं और किससे पूछूँ?"

"यह पद्धति के अनुसार नहीं है!"

म्हणून पद्धतीसाठी आणखी एक साहेब पाठवले गेले. ते परौंठे खाऊन, लस्सी पिऊन आले आणि त्यांनी बालवाडीबद्दल फारच चांगलं लिहिलं. करंबेळकरांना ते बिलकुल मान्य नव्हतं. "निष्कर्ष बरोबर, पद्धत चूक," म्हणाले. पण अनुदान चालू राहिलं.

त्यानंतर त्यांनी पाहणीचं काम सोडलं. शर्माजींनी विनवण्या केल्या. हे म्हणाले, "एकदा चव लागली. आता माझी मला खात्री देता येत नाही." पुढे त्यांची गाठ क्वचितच पडे. गणपतीला मात्र आले, आणि सोफ्यावर बसून पाच मोदक खाल्ले. मंगल मोजत होती. सहाव्याला नको म्हणाले तेव्हा तिला फार बरं वाटलं. म्हणाली, पोट भरूनच नको म्हणाले, मागच्यासारखं नाही.

मग आमची बदली नागपूरला झाली. निघण्याआधी मी बालवाडीत निरोप घ्यायला गेलो. दुपारची वेळ, पोरं जेवून आडवी झालेली. भिंतीला फळी होती, तिच्यावर पेल्यांची रांग. पोरांना वाचता येत नसे म्हणून प्रत्येकाच्या पेल्यावर रंगानं चित्र काढलेलं. पोपट, पतंग, आंबा, मासा. रांगेत एक पेला बाकीच्यांपेक्षा मोठा होता. त्यावर एक स्टूल रंगवलेलं.

"नाम तो किसी की ज़बान पे चढ़ता नहीं सरजी का," बीजी म्हणाल्या. "रोज़ आते हैं, रोटी के टाइम. तो हमने स्टूल बना दिया."

करंबेळकर कोपऱ्यात सतरंजीवर बसले होते. मुनिया शेजारी झोपलेली, थर्मासचं झाकण उशाशी. खरं स्टूल फळीखाली ठेवलेलं, पोरांचे हात पेल्यांपर्यंत पोचावेत म्हणून.

मला पाहून ते उठले आणि तो मोठा पेला काढून माझ्यापुढे धरला. "हे बघा. चित्रात पाय तीनच काढलेत."

"हे मत की निरीक्षण?"

त्यांनी चित्राकडे पुन्हा एकदा नीट पाहिलं.

"तीन पायांचं डुगडुगत नाही," म्हणाले. मग माठातलं पाणी घेऊन प्याले, पेला स्वतः विसळला आणि फळीवर पोपट आणि माशाच्या मधे, आपल्या जागेवर, पालथा घातला.